नववा ठोका

"पुढे नको, आजी. पुढच्यांना बोलावतात," आर्या म्हणाली आणि हॉलच्या अगदी शेवटच्या रांगेत, कडेच्या खुर्चीवर जाऊन बसली.

"कोण बोलावतं?"

"डान्सवाले. लास्टला ऑडियन्सला बोलावतात. आमच्या शाळेत आले होते ना असे लोक. मी नाही जाणार हं. तू प्रॉमिस केलंयस, फक्त बघायचं."

"बघायचं तर दिसलं तरी पाहिजे ना, लेकरा."

"दिसतं लाह," आर्या इथल्या शाळेतल्या मुलांसारखं म्हणाली.

प्रेमलाबाईंनी वाद घातला नाही. गुडघा सांभाळत त्या नातीशेजारी बसल्या. हॉलमध्ये स्टेज नव्हतं. खुर्च्या तीन बाजूंनी मांडल्या होत्या आणि मधली फरशी नाचासाठी मोकळी सोडली होती. शनिवारचे पाच वाजत आले होते. तुर्कस्तानातून आलेली मंडळी आपले पारंपरिक नाच दाखवणार आहेत, असं त्यांच्या मुलाला, समीरला, ऑफिसात कुणीतरी सांगितलं होतं. ते ऐकल्याबरोबर प्रेमलाबाईंनी ठरवून टाकलं, आर्याला घेऊन जायचं. बिशानच्या घरून ईस्ट कोस्टपर्यंत, आधी एमआरटीची मेट्रो आणि मग बस, आजी आणि नात दोघीच.

"आई, तिला नको असेल तर सोड ना आता," समीर म्हणाला होता. "स्विमिंगला घालू तिला."

"स्विमिंगला घाल की. पण हे माझ्या हातून बिघडलंय. ते मलाच नीट करू दे."

सुनेनं, राणीनं, पाण्याची बाटली आणि छत्री पिशवीत भरून दिली.

बिघडलं होतं ते मागच्या रविवारी. प्रेमलाबाई नांदेडला मुलींच्या शाळेत अडतीस वर्षं कवायतीच्या बाई होत्या. इथे परदेशात मुलाकडे तीन महिन्यांसाठी आल्या, तर ओळखीच्या घरांतून निरोप आला: भीमजयंतीच्या कार्यक्रमात मुलांचं लेझीम बसवाल का? बाईंना दुसरं काय हवं होतं? आठ मुलं जमली. बिल्डिंगखालच्या मोकळ्या जागेत तालीम सुरू झाली. सात मुलांचे पाय पडायला लागले. आठवी आर्या. दर वेळी आठव्या ठोक्याला ती जराशी रेंगाळायची आणि मग पुढचा 'एक' तिला उशिरा सापडायचा. बाईंनी तीनदा सांगितलं. चौथ्यांदा, नांदेडच्या मैदानावर कुणालाही म्हणाल्या असत्या तसंच म्हणाल्या, "तू बाहेर बस. बसून मोज." घरचं पोर म्हणून सवलत द्यायची नाही, हा त्यांचा जुना नियम होता.

आर्या रडली नाही. तिनं लेझीम खाली ठेवलं, इतकं हळू की एकही चकती वाजली नाही. घरी आल्यावर जेवताना म्हणाली, "आजी, आय हॅव नो रिदम. इट्स ओके."

ते 'इट्स ओके' बाईंना रात्रभर टोचत राहिलं. लग्नाकार्यात सगळ्यांच्या पर्सेस सांभाळत कडेला उभ्या राहणाऱ्या कितीतरी बायका त्यांनी पाहिल्या होत्या. 'मला नाही बाई जमत,' असं हसत सांगणाऱ्या. त्यांना कुणीतरी, कधीतरी, कुठल्या तरी शाळेत एकदा बाहेर बसवलेलं असणार. आर्या आठ वर्षांची होती. या हॉलमधून जायच्या आधी तिचा पाय एकदा तरी त्या फरशीवर पडला पाहिजे, एवढं ठरवूनच प्रेमलाबाई आल्या होत्या.

दिवे मंद झाले. ढोल आणि सनईसारखं एक वाद्य वाजू लागलं आणि आठ जण धावत आत आले. प्रत्येकाच्या दोन्ही हातांत लाकडी चमचे होते, दोन-दोन, पाठीला पाठ लावून धरलेले.

"चमचे!" आर्या कुजबुजली. "आजी, रिअल चमचे! जेवायचे!"

"टाळ बघ कसे झालेत त्यांचे."

"त्यांची आई ओरडत नसेल?"

"तीच शिकवत असेल."

आर्या हसली. पुढचं नीट दिसावं म्हणून ती खुर्चीवर गुडघ्यांवर बसली. बाईंनी ते पाहिलं आणि नजर पुढेच ठेवली.

नंतर एक लांब रांग आली. खांद्याला खांदा लावलेला, करंगळीत करंगळी अडकवलेली, आणि टोकाचा म्हातारा हातातला रुमाल फिरवत सगळ्या रांगेला ओढून नेणारा. प्रेमलाबाईंचं बोट आपोआप मांडीवर मोजू लागलं. चार आणि चार, आठ. सगळं जिथल्या तिथे. दूरदेशीचे लोक, पण हिशोब आपलाच, असं वाटून त्यांना बरं वाटलं.

तिसऱ्या नाचात मात्र त्यांचं बोट अडलं. आता माणसं समोरासमोर उभी होती, दोन ओळींत. बाईंनी आठ मोजले आणि पुन्हा एकवर आल्या, तर नाचणाऱ्यांचा पाय अजून हवेतच! पुन्हा मोजलं, पुन्हा तसंच. आपलंच ऐकण्यात काहीतरी राहतंय, असं त्यांना वाटलं.

मग आर्या म्हणाली होती तसंच झालं. लाल रुमाल बांधलेली एक उंच बाई पुढे आली. इंग्रजीत म्हणाली, आता तुम्ही सगळे या. हा आमच्याकडचा पाहुण्यांना सामोरं जायचा नाच आहे. तिनं टाळ्या वाजवून दाखवलं, तीन आखूड आणि एक लांब. खुर्च्या सरकल्या, लोक हसत उठले.

आर्यानं दोन्ही हातांनी खुर्ची घट्ट धरली. "यू प्रॉमिस्ड."

"तुला कोण म्हणतंय? तू बस. मी जाते."

"तू? तुझा गुडघा?"

"गुडघाही घेऊन जाते."

बाईंच्या मनात एक जुनी युक्ती होती. वर्गात एखादी मुलगी तोंडच उघडेना, तर त्या तिच्यासमोर मुद्दाम चुकायच्या. डावीकडे वळायचं तर उजवीकडे वळायच्या. मूल बुजरं असलं तरी बाईंची चूक त्याला बघवत नाही. ते बोलतंच. युक्ती अडतीस वर्षांत क्वचितच फसली होती.

फरशीच्या कडेला चपला काढून, वाकून जमिनीला हात लावून त्या आत गेल्या. समोर एक चिनी आजोबा आले, त्यांनी मान लववली. ढोल सुरू झाला. आधी दोनदा नीट करायचं आणि तिसऱ्यांदा चुकायचं, असं बाईंनी ठरवलं होतं.

पण पहिल्यांदाच पाय चुकला. दुसऱ्यांदाही. आठ झाले की त्यांचा पाय पुढे पडायचा, आणि सगळा हॉल अजून मागेच असायचा. चिनी आजोबांच्या अंगठ्यावर त्यांचा पाय पडला. "सॉरी, सॉरी." आजोबा "ओके, ओके" म्हणत राहिले, पण थोडं लांब सरकले. बाईंच्या कानशिलांना घाम आला. इतक्या मैदानांवर इतक्या मुलींना त्यांनी मोजून दिलं होतं, आणि आता मोजणीच त्यांना खाली पाडत होती. परत जाऊन बसावं असं वाटलं. त्या बसल्या नाहीत. ओठ आवळून पुन्हा 'एक'पासून सुरुवात केली, आणि पुन्हा चुकल्या.

"आजी!"

आर्या फरशीच्या कडेला उभी होती. कपाळाला आठ्या. "तू मुद्दाम करतेस ना? बाबानं सांगितलंय मला तुझं ते."

"नाही गं," प्रेमलाबाई धापा टाकत म्हणाल्या. "करणार होते. पण हे खरंच येत नाहीये मला."

आर्यानं त्यांच्या चेहऱ्याकडे नीट पाहिलं. मग बूट काढले, आजीच्या चपलांशेजारी ठेवले आणि आत आली. चिनी आजोबा आनंदानं बाजूला झाले.

"तू घाई करतेस," ती म्हणाली. "शेवटी थांबायचं असतं. शॉर्ट दोन-दोनचे असतात, लाँग तीनचा. आठ नाही, नऊ आहेत."

"नऊ कसे असतील?"

"आहेत. ऐक ना. मोजू नको, ऐक."

आर्यानं उजवा पाय टाकला. आखूड, आखूड, आखूड, आणि मग शेवटी ती जराशी रेंगाळली. ढोल तिच्यासाठी थांबल्यासारखा थांबला आणि तिच्या पायाबरोबरच पुन्हा सुरू झाला. तेच रेंगाळणं. रविवारी बाईंनी चार वेळा पाहिलं होतं ते. इथे त्याला जागा होती.

"उजवा, आजी! तू डावा का टाकतेस?"

"समोर उभं राहिलं की आम्ही आरशासारखं करतो. तुमचा उजवा तो आमचा डावा. मुलांना बघून करता यावं म्हणून."

"इथे नाही तसं. मी पण उजवा, तू पण उजवा. परत."

बाईंनी उजवा टाकला. पाचव्या की सहाव्या वेळी एकदा जमलं, पुढे पुन्हा सुटलं. आर्या चिडली नाही. त्यांच्यासाठी ती थोडी मोठी पावलं टाकू लागली, म्हणजे त्यांना दिसावं. लाल रुमालवाली बाई त्यांच्याजवळून गेली, आर्याच्या पायांकडे पाहिलं आणि तिला ओळीच्या पुढच्या टोकाला नेऊन उभं केलं. आर्यानं जाता जाता आजीचा हात धरून तिलाही सोबत ओढलं.

सगळं संपून बाहेर आल्या तेव्हा ऊन अजून झाडांवर होतं. बस स्टॉपवर आणखी एक-दोन बायकाच होत्या. प्रेमलाबाई बाकावर बसल्या, पिशवीतून बाटली काढली, आधी आर्याला दिली.

"आर्या, रविवारी तुझा पाय उशिरा पडत होता, हे खरं."

"हं."

"पण मी तुला बाहेर बसवलं, ते चुकलं. अजून शिकवायला पाहिजे होतं. चूक माझी होती, तुझी नाही."

आर्यानं बाटलीचं झाकण लावलं, काढलं, पुन्हा लावलं. मग म्हणाली, "पुढच्या शनिवारी कार्यक्रमात मी लेझीम नाही करणार, आजी. बघायला येईन."

"बरं."

"रागावलीस?"

"नाही."

वाईट वाटलं होतं. आठ मुलांची रांग त्यांनी मनात केव्हाच उभी केली होती, आपलं माणूस टोकाला धरून. आता सात जणांची बसवावी लागणार होती. त्यांनी ते वाईट वाटणं गिळलं आणि पदरानं तोंड पुसलं.

आर्या उठली होती. स्टॉपच्या फरशीवर, दोन लाद्या धरून, तिचे पाय चालू झाले होते. ओठ हलत नव्हते. ती मोजत नव्हती. आखूड, आखूड, आखूड, लांब. शेजारच्या बाईंची शॉपिंगची पिशवी मध्ये येत होती. प्रेमलाबाईंनी हातानं विनंती केली, तशी त्यांनी ती जवळ ओढून घेतली. मग प्रेमलाबाई बाकावरून उठल्या. रस्त्याकडे पाठ करून, दोन्ही हात थोडे पसरून, पोरीला जागा मोकळी राहील अशा उभ्या राहिल्या.

वळणावर त्यांची बस दिसली. आर्याचं लक्ष नव्हतं. ती वळून परत येत होती, शेवटच्या ठोक्यावर एक पाय उचललेला. शेजारच्या बाईंनी इशाऱ्यानं विचारलं, ही बस तुमचीच ना?

प्रेमलाबाईंनी मान हलवली, नाही. त्यांनी हात दाखवला नाही. बस थोडी मंदावली आणि निघून गेली.