कासवाच्या तोंडावरची लाली

लाँड्रीत त्या दिवशी पाय ठेवायला जागा नव्हती, आणि आलेल्यांपैकी एकाच्याही हातात मळका कपडा नव्हता. इस्त्रीच्या लांब टेबलावर महाराजांनी एक रानकासव बसवलं होतं. समोर खुर्ची. रोगी खुर्चीत बसला की महाराज डोळे मिटून कासवाच्या पांढरट तोंडावरून ओला फडका फिरवत, आणि बघता बघता त्याच्या डोळ्यांभोवती, नाकपुड्यांभोवती गुलाबी लाली चढे.

"ओढला रोग माझ्या लेकराने," महाराज सांगत. "तुमच्या रक्तातली आग त्याच्या तोंडावर आली. आता गोळ्या बंद. गोळी घ्याल तर त्याला दुप्पट ओढावं लागेल, आणि मुक्या जिवाचा तळतळाट तुम्हाला लागेल."

शेवटचं वाक्य फार कामाचं होतं. बरं वाटलं तर कासवाची कृपा, नाही वाटलं तर तुम्हीच चोरून गोळी घेतली असणार. छापा पडो की काटा, जीत महाराजांचीच. मधूनच कासव समोरच्या पाण्याच्या वाडग्याला कवचाने धाडधाड धडका देई. तेव्हा महाराज म्हणत, रोगाला बदडतंय. लोक कौतुकाने मान डोलवत. वाडग्याने काय पाप केलं होतं, हे कुणी विचारलं नाही.

लाँड्रीवाल्याची धाकटी बहीण दाराशी उभी राहून हे सगळं पाहत होती. ती जनावरांची डॉक्टर. वहिनीचा फोन आला म्हणून हातातली म्हैस तपासून तशीच धावत आली होती. दादाला साखरेचा आजार. पंधरवड्यापूर्वी पायावर गरम इस्त्री पडली, करंगळीला भाजलं, आणि नेमका त्याच आठवड्यात महाराजांनी लाँड्रीत मुक्काम टाकला. दादाने इंजेक्शन सोडलं. आता करंगळी काळी पडली होती.

"अगं, दुखत नाही मुळीच," दादा खुशीत म्हणाला. "म्हणजे बरंच होतंय की."

"दादा, मेलेलं बोटही दुखत नाही, याचीच मला भीती वाटते," ती म्हणाली. तिला रडू येत होतं आणि रागही येत होता. दोन्ही गिळून ती टेबलापाशी गेली.

तिने कासवाकडे नीट पाहिलं, आणि तिला हसू आलं. महाराजांना तिने अगदी नम्रपणे विचारलं, खुर्ची रिकामी ठेवून एकदा फडका फिरवाल का? महाराज म्हणाले, रिकाम्या खुर्चीसमोर लेकरू जागं होत नाही. मग धाकटीने कोट अडकवायचा लाकडी पुतळा उचलला आणि खुर्चीत बसवला.

"हा माझा पेशंट," ती म्हणाली. "याला डोकंच नाही, एवढीच तक्रार आहे."

लोक हसले, आणि त्या हशात तिने स्वतःच फडका घेऊन कासवाचं तोंड पुसलं. लाली चढली. चांगली ठसठशीत चढली. महाराजांनी लगेच सांगून टाकलं की रोग पुतळ्याचा नव्हे, गर्दीतल्याच कुणाचा तरी ओढला गेलाय. दोघाचौघांनी घाबरून छातीला हातही लावला.

धाकटीने वाद घातला नाही. तिने फडका दादाच्या हातात दिला. दादाने त्यावरचा पांढरा लगदा दोन बोटांत चोळला, आणि त्याचा चेहरा पडला. आयुष्यभर सदऱ्यांच्या कॉलरांना तो हीच खळ लावत आला होता. लाँड्रीत पांढऱ्या पुडीचं कुणाला नवल? कोपऱ्यातल्या डब्यातली खळ महाराज प्रत्येक रोग्यानंतर कासवाला आडोशाला नेऊन त्याच्या तोंडाला फासत होते, आणि ती घरच्यांच्या डोळ्यांदेखत वाळत होती.

"म्हणजे खोटा तो पांढरा रंग," धाकटी म्हणाली. "लाल रंग त्याचा स्वतःचा आहे."

मग तिने सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगितलं. हे कासव रानातलं. पाचोळ्याखाली दडून राहतं, ऊन सोसत नाही म्हणून सांजसकाळी निघून पडलेली फळं, अळंबी खातं. त्याचं तोंड जवळून पाहिलंय कुणी? जोडीदार शोधायच्या दिवसांत या जातीच्या नराचं आणि मादीचं, दोघांचंही तोंड असंच गुलाबी होतं. नर एकमेकांना कवचाने धडका देतात. याने वाडग्यालाच प्रतिस्पर्धी समजून घेतलंय.

"याला तुमचा रोग नको, बायको हवी आहे," ती म्हणाली. "आणि ती इथे खुर्चीत बसणार नाही."

महाराज मागच्या दाराने निघाले होते, पण बाहेर वाळत घातलेल्या चादरींत गुरफटले. धाकटीने फोन केल्यावर कासवाला वनखात्याच्या माणसांनी नेलं, महाराजांना पोलिसांनी.

दादाला त्याच संध्याकाळी इस्पितळात दाखल केलं. पाय वाचला, करंगळी मात्र काढावी लागली. अजून चार दिवस गेले असते तर पायही गेला असता, असं सर्जन म्हणाले.

महिन्याभराने दादा पुन्हा इस्त्रीच्या टेबलापाशी उभा राहिला. एक जुनं गिऱ्हाईक कपडे घ्यायला आलं आणि हळूच म्हणालं, काही म्हणा, त्या कासवासमोर बसल्यावर मला खरंच बरं वाटलं होतं हो.

"मलाही वाटलं होतं," दादा म्हणाला. त्याने इस्त्री उभी ठेवली आणि चप्पल काढून पाय पुढे केला. "पण बरं वाटलं तरी तपासून घ्यायचं. बरं वाटणं आणि बरं होणं, यात माझ्या एका बोटाचा फरक पडला."