थांबलेल्या तासांचं पान

"अल्फा, बाह्या वर करा," अर्किया म्हणाली.

अल्फा मुलायनं तिच्याकडे असं बघितलं, जणू दावणीच्या बकरीनं जाब विचारला. अख्खं टिंबक्टू त्याच्या दारात यायचं. ताप असो, अडलेलं बाळंतपण असो, नाहीतर नवऱ्याचं बाहेरचं लफडं. तो लाकडी पाटीवर शाईनं कुराणातली आयत लिहायचा, पाटी पाण्यानं धुवायचा नि ते पाणी आलेल्याला प्यायला द्यायचा. आजवर त्याला बाह्या वर करायला कुणी सांगितलं नव्हतं.

कादी आत्यानं कपाळावर हात मारला. "हिनं मास्तरचेपण खिसे तपासले असतील. म्हणून तर शाळेतनं हाकललं."

"हाकललं नाही. मी सोडली," अर्किया म्हणाली. "बाह्या!"

अल्फानं निळ्या झग्याच्या बाह्या खांद्यापर्यंत गुंडाळल्या. आत नुसते केसाळ दंड.

तिच्या मनात पाल चुकचुकत होती ती उगाच नाही. घरच्या पेटीत पणजोबांच्याही आधीपासून एक पोथी होती, थांबलेल्या तासांचा ग्रंथ. सुट्टी पानं, वर बकरीच्या कातड्याचं वेष्टन. सरकणारी दुपार कशी बांधून ठेवायची, गेलेल्या दिवसाला चुकलेल्या उंटासारखं हाक मारून कसं परत आणायचं, सगळं त्यात लिहिलेलं. पोथी विकत मागायला परदेशी पाहुणे येऊन गेले. तिच्या बाबांनी, हमदूननी, त्यांना तीन-तीन पेले चहा पाजला नि वाटेला लावलं.

आता बाबाच विसरायला लागले होते. आधी मेंढ्या विसरले. मग आई वारल्याचं विसरले, रोज विचारायचे, अजून विहिरीवरनं कशी आली नाही? आणि परवा अर्कियाला त्यांनी अगदी मायेनं विचारलं, "कुणाची गं तू, पोरी?"

पोथीतलं शेवटचं पान अशाच माणसासाठी होतं, ज्याचे दिवस गळून चाललेत. आत्यानं अल्फाला बोलावलं. अल्फा म्हणाला, नक्कल करून भागायचं नाही, अस्सल पानच धुवून पाजावं लागेल. झालं! अर्कियाला वाटलं, हा अस्सल पान झग्यात सारणार, दुसरंच काहीतरी धुणार नि बाबांच्या पोटात नुसती कोळशाची शाई जाणार. मग बाबांना परत आणायला राहिलं काय?

म्हणून तिनं पान बाबांनाच पेटीतनं काढायला लावलं होतं. त्यांच्या हातातनं ते थेट अल्फाच्या हातात गेलं. तिनं पापणीसुद्धा लववली नव्हती.

"जुनी शाई आहे," अल्फा लाकडी वाडग्यात पाणी ओतत म्हणाला. "दुपारच्या नमाजापर्यंत भिजावं लागेल. धीर धरा."

त्यानं पान बुडवलं नि शाई भसाभसा सुटली. बघता बघता पाणी काळं झालं.

अर्किया उठलीच. तिनं त्याच्या हातातनं पान हिसकलं नि नाकाला लावलं. पुदिना! पानाला चहाचा वास येत होता.

"चोरा! चहात बुडवून जुनं केलंस होय?"

"तोंड सांभाळ, पोरी! मी चहा पितो, पानांना पाजत नाही!"

तिनं त्याची पिशवी उलटी केली. तपकीर, जपमाळ, अर्धी भाकरी, एक तुटका चष्मा. पान कुठंच नाही. आत्या किंचाळायला लागली, "या अल्ला, घराण्याचं नाक कापलंस!" अल्फा गुंडाळलेल्या बाह्यांनी हात उंचावून उभा होता.

तेवढ्यात कोपऱ्यातनं हसू आलं.

बाबा हसत होते. त्यांच्या अंगठ्याच्या नखात काळं भरलं होतं. अर्कियानं ते आत्ता बघितलं. साऱ्या गावावर नजर ठेवणाऱ्या पोरीनं घरातल्या माणसाचा हात बघितला नव्हता.

"तुम्ही?"

"चार दिवस लागले लिहायला," बाबा म्हणाले. "हात थरथरतो. पण जमलं ना?"

"बाबा, ते तुमचं औषध होतं!"

"तीनशे वर्षं टिकलेलं पान मी घोटभर पिऊन टाकू? उद्या परत विसरलो, तर दुसरं पान पाजशील. मग तिसरं. पोथी संपेल, मी तसाच राहीन." ते तिच्याकडे बघत राहिले. "अल्फावर माझा संशय नव्हता, अर्किया. तुझ्यावर होता."

त्यांनी तिचं नाव घेतलं होतं. आणि त्यांचा संशय खरा होता. तिनं सगळी पोथी धुतली असती.

अल्फानं बाह्या खाली केल्या, पिशवीत आपली भाकरी भरली नि बाहेर पडला. आत्या माफी मागत त्याच्यामागं धावली.

अर्कियानं पेटी उघडली. कातड्याचं वेष्टन होतं. आत एकही पान नव्हतं.

"पोथी कुठंय?"

"ठेवली. तुझ्या हाती लागणार नाही अशी."

"बरं, नाही धुणार. आईची शपथ. कुठं ठेवलीत?"

बाबांनी तोंड उघडलं. मिटलं. छताकडे बघितलं, दाराकडे बघितलं, मग स्वतःच्या अंगठ्याकडे. ती त्यांच्यासमोर गुडघ्यावर बसली नि त्यांचे डोळे तपासायला लागली, मघाशी अल्फाच्या बाह्या तपासल्या तशी. हे नाटक असू दे, तिनं मनात म्हटलं. खोटं बोलत असू देत. लबाडी असू दे.

"बाबा, लपवताय ना माझ्यापासून?"

"काय लपवतोय गं मी?" बाबांनी विचारलं.