मोठ्याने वाचा

मिसिसिपीतल्या आमच्या मासे कापायच्या कारखान्यात संडासला जायचं तर मुकादमाला विचारावं लागे, आणि तो हो म्हणेलच असं नव्हतं. एकदा म्हातारी ओडेसा मासे वाहणाऱ्या सरकत्या पट्ट्यापाशी उभ्या उभ्याच ओली झाली. मुकादम हसला. शेजारच्या व्हर्लीन टब्सने सुरी खाली ठेवली आणि त्याच आठवड्यात युनियनचे अर्ज वाटायला घेतले.

मॅनेजर प्रुइटने आम्हाला जेवणघरात बसवून सांगितलं, "युनियन आली तर कारखान्याला कुलूप." शुक्रवारी व्हर्लीनला काढलं. म्हणे, केसांवरची जाळी नीट घातली नव्हती! दोन पहारेकरी तिला आमच्यासमोरून घेऊन गेले. मी मान खाली घालून मासे कापत राहिले.

तिने सरकारच्या लेबर बोर्डाकडे तक्रार केली. कायदा तिच्या बाजूचा होता. पण कंपनीचे वकील अपिलांवर अपिलं करत गेले. निकालाला सहा वर्षं लागली. तोवर व्हर्लीन मोटेलातल्या चादरी बदलत होती. ओडेसा वारली, सह्या केलेल्या बायका पांगल्या, युनियन हवी की नको याचं मतदान तर आम्ही केव्हाच हरलो होतो.

व्हर्लीनला परत घ्यावं आणि पुन्हा असं करणार नाही अशी हमी मॅनेजरने सगळ्यांसमोर वाचून दाखवावी, असा लेबर बोर्डाचा हुकूम आला. प्रुइटला शिक्षा म्हणाल तर एवढीच.

व्हर्लीन कामावर परत आली त्या दिवशी जेवणघरात त्याने कागद नाकासमोर धरला आणि पुटपुटत सुटला.

"ऐकू येत नाही," व्हर्लीन म्हणाली.

"वाचतोय ना मी?"

"स्वतःशी वाचताय. सहा वर्षं थांबलेय, साहेब. पहिल्यापासून घ्या. मोठ्याने."

हुकूम पाळला जातोय का ते बघायला आलेल्या बोर्डाच्या बाईंनी त्याच्याकडे नुसतं पाहिलं. तो लालबुंद झाला. "युनियनसाठी बोलणाऱ्या कामगाराला आम्ही काढणार नाही. व्हर्लीन टब्स हिला..."

"हं, नाव नीट घ्या."

वाचून झाल्यावर मी तिच्याजवळ गेले. "जिंकलो गं आपण!"

"आपण? तू मासे कापत होतीस तेव्हा."

माझ्या डोळ्यांत पाणी आलं. तिने ॲप्रनच्या खिशातून कोरा अर्ज काढला. "रडतेस काय? सही कर."

मी तिथेच, भिंतीवर कागद टेकवून सही केली.

त्या हिवाळ्यात नव्याने मतदान झालं. आम्ही नऊ मतांनी जिंकलो. प्रुइटला बढती मिळाली आणि कंपनीने त्या मतदानाविरुद्धही अपील केलं.