ठशाला लावलेलं कुंकू

मित्रांनो, मी एक ठसा. पंचधातूचा, जुना आणि आता बिनकामाचा. नेवाशात रंगनाथशेठ सोनारांच्या दुकानात, काचेच्या कपाटात बसून असतो. माझ्या अंगात घोड्यावरचा खंडोबा उलटा कोरलाय. माझ्यावर चांदीचा पत्रा ठेवून ठोकला की देव सरळ उमटतो. देवघरातले टाक असेच घडतात.

शेठच्या वडिलांनी मला घडवलं. काय दिवस होते हो! पार कर्जतहून लोक यायचे. बापलेकांचे हात थांबायचे नाहीत आणि मी आपला तोऱ्यात. मग मशीनवर छापलेले टाक डबे भरभरून यायला लागले. सगळे एकसारखे, चकचकीत, स्वस्त. हातकामाची मजुरी कोणी देईना. शेठनी मला धुऊनपुसून शोभेला मांडलं.

मागल्या महिन्यात कडूबाई आल्या. त्यांच्या टाकावरचा देव रोज घासून घासून दिसेनासा झाला होता.

“शेठ, नवा करा. पर चांदी हीच घाला. माझ्या सासूच्या हातची हाय.”

“व्हय व्हय, हीच घालतो.”

मी खूश! आता कपाट उघडणार, मला बाहेर काढणार. कसलं काय! शेठनी तो टाक मोडीत टाकला. मोडवाला तो घेऊनही गेला. आठवड्यानं डब्यातला तयार टाक त्यांनी कडूबाईंच्या हातावर ठेवला.

बाईंनी तो कपाळाला लावला. “आमचीच चांदी न्हवं?”

“तुमचीच की.”

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. बाई तेवढ्यावर थांबल्या नाहीत. “ह्याच्यावरच उमटला ना माझा देव?” म्हणत त्यांनी कपाट उघडायला लावलं. मला हळदकुंकू वाहिलं, पदर पसरला. “देवा, सासूबाई गेल्या, आता त्यांची एवढीच खूण हाय घरात. सांभाळ रं बाबा.”

शेठ खाली मान घालून उगाच तराजू पुसत बसले.

“जावंचा बी टाक आनते,” जाता जाता बाई म्हणाल्या.

शेठ म्हणाले, “आना.”

ते कुंकू अजून माझ्या अंगावर आहे. शेठ ते पुसतही नाहीत. मित्रांनो, घरी टाक करायचा असेल तर सोनारापाशी ठाण मांडून बसा. तुमची चांदी माझ्यावर ठेवून ठोकेपर्यंत उठू नका. हाताची मजुरी त्याच्या हातावर ठेवा. म्हणजे त्याला खोटं बोलावं लागणार नाही आणि मला फुकटचा नमस्कार घ्यावा लागणार नाही.