आत्याचं अर्धं गाणं

दादाला लोक डोक्यावर घेऊन नाचतात, त्याबद्दल माझं काही म्हणणं नाही. आवाज आहेच त्याच्याकडे. लहानपणी तो रडायला लागला की शेजारचे खिडक्या लावून घ्यायचे, म्हणून घरात त्याचं नाव भोंगा. पण त्या एका गाण्यावरून माझ्यासमोर कुणी डोळे पुसले ना, की माझ्या तळपायाची आग मस्तकात जाते.

बँड आमचा तिघांचा. दादा गातो आणि गिटार वाजवतो, मी ड्रम्सवर, आणि बेसवर मावसभाऊ. त्याला आम्ही मुका म्हणतो, कारण त्याच्या तोंडातून शब्द काढणं म्हणजे दगडातून पाणी काढणं. टायर पंक्चरच्या दुकानामागे एक पत्र्याची शेड होती, तिथे सुरुवात केली. पहिले ड्रम्स म्हणजे ऑइलचे रिकामे डबे. हाताला चिकटपणा यायचा तो साबणाने जायचा नाही. दुकानदार म्हणायचा, "बाई गं, माझं गिऱ्हाईक पळतंय तुझ्या ठोकण्याने!"

पुढे बारमध्ये वाजवलं, मग कॉलेजांत, मग मोठ्या मैदानांवर. पोस्टरवर आमच्या नावापेक्षा मोठ्या अक्षरांत 'आदिवासी रॉक' लिहिलेलं. पहिल्या मोठ्या कार्यक्रमाला आयोजक बाईंनी आमच्या जीन्सकडे बघून विचारलं, "पिसं वगैरे नाही आणली?" मी म्हटलं, "कोंबडी घरी विसरली." दादाने मला कोपर मारलं. त्याला सगळ्यांशी गोड राहायचं असायचं.

लोक यायचे ते गाण्यांसाठी, आणि गाणी आमच्या बोलीत. आता खरं सांगायचं तर ती बोली आम्हा तिघांनाही धड येत नाही. आईबापांना शाळेत त्या बोलीपायी छड्या बसल्या, त्यामुळे त्यांनी ती टाकूनच दिली, आम्हाला शिकवलीच नाही. आत्याला शाळेत घातलंच नव्हतं, म्हणून तिच्याकडे ती राहिली. आमच्याशी आत्या मोडकंतोडकं मराठी बोलायची, ते मी इथे सरळ करून सांगतेय. ती बोली आणि तिच्यातली गाणी येणारी एकेक माणसं गेली आणि शेवटी आत्या एकटी उरली. कुणी मेलं की मयताला म्हणायचं गाणंही तिलाच बोलवून म्हणून घ्यायचे.

आमची कामाची पद्धत ठरलेली होती. आत्या स्टुडिओत यायची, पायातल्या चपला काढून माइकसमोर बसायची आणि गाणं म्हणायची. ते कच्चं रेकॉर्डिंग दादा कानात लावून घोकायचा. शब्द, श्वास, सगळं तोंडात बसलं की स्वतःच्या आवाजात पक्कं गायचा. आणि मग साउंडवाला आत्याचा आवाज पुसून टाकायचा. ही अट आत्याची. मेलेल्याचा आवाज जिवंतांच्या घरात वाजू नये, असं आमच्यात मानतात. "उद्या मी मरेन," ती म्हणायची, "आणि तुमच्या त्या डबड्यातून बोलत राहीन? शिकलास की पुसायचं. कबूल?" दादा कबूल म्हणायचा आणि पाळायचा. तीन अल्बम असेच झाले.

चौथ्याच्या वेळी आत्या आपणहून म्हणाली, "मयताचं गाणं घे."

 मुकासुद्धा बोलला, "ते कशाला, आत्या?"

"सगळ्यांसाठी मी म्हटलं. माझ्या वेळी कोण म्हणणार, तुझा बाप? भोंग्याला शिकवते. त्याने वाजवलं की पोरांच्याही कानावर पडेल. माझं कोण ऐकतंय?"

त्या गाण्याचे दोन भाग. पहिल्या भागात मेलेल्याला हाका मारायच्या, थांब म्हणायचं, तू काय काय केलंस ते सांगायचं. दुसऱ्यात त्याला वाट दाखवून सोडायचं. मला एवढाच अर्थ माहीत. आत्या डोळे मिटून एका दमात म्हणाली आणि उठताना दादाचा गाल कुरवाळून म्हणाली, "आता मला घोर नाही."

त्यानंतर आमचा दौरा लागला. गाव झालं की गाव, गाडीतच झोप, गाडीतच जेवण. अल्बम काढणाऱ्या कंपनीचा गोडबोल्या माणूस, ज्याला मी साखऱ्या म्हणायचे, रोज फोन करून अल्बमच्या तारखेची आठवण करून द्यायचा. दोन कार्यक्रमांच्या मध्ये दादा एकटाच स्टुडिओत जाऊन ते गाणं संपवून आला. मी विचारलं, "जमलं?" तो म्हणाला, "एकदम."

अल्बम आला. गाण्याचा पहिला भाग ऐकून माझ्याच अंगावर काटा आला. दुसऱ्या भागात शब्द नव्हते. नुसतं ला ला ला, वर वर चढत जाणारं, मागे माझे ड्रम्स. मला वाटलं, गाणं लांबतंय म्हणून शब्द छाटले असतील. लोक मात्र वेडे झाले. मैदानं भरून माणसं हात वर करून ला ला म्हणायला लागली. आम्हाला बक्षीसही त्याच गाण्याचं मिळालं. आत्याने ते ऐकलं नव्हतं; डबड्यातलं गाणं ती कधी ऐकायचीच नाही.

आणि आत्याला झटका आला. उजवी बाजू गेली, वाचा गेली.

दवाखान्याच्या जिन्यावर दादाने मला सांगितलं. पहिला भाग त्याला पाठ झाला होता, दुसरा नव्हता. वेळ नव्हता. ला ला करून जागा भरली, म्हटलं नंतर आत्याकडून शिकू, आत्या कुठे पळून चाललीय. साउंडवाल्याने सवयीने विचारलं, आत्याचं पुसू का? हा म्हणाला, पूस.

"अरे, शिकला नव्हतास ना! मग पुसलंस का?"

"तिला शब्द दिला होता."

मी त्याच्या तोंडात मारली. लोक बघत होते, बघोत. शब्दाचा पक्का म्हणे! ज्यासाठी शब्द दिला ते केलंच नाही, आणि शब्द तेवढा पाळून मोकळा.

साउंडवाल्याने बिचाऱ्याने सगळं धुंडाळलं. काही उरलं नव्हतं. मग वाचा शिकवणाऱ्या बाई म्हणाल्या, बोलता येत नसलं तरी कधीकधी गाता येतं, प्रयत्न करा. आम्ही त्या एका वाक्याला लोंबकळून राहिलो. दादाने कार्यक्रम रद्द केले. खाटेशेजारी बसून तो पहिला भाग म्हणायचा आणि थांबायचा, आत्याच्या ओठांकडे बघत. फोन हातात, रेकॉर्डिंग चालू. अट गेली चुलीत, असं मीच त्याला सांगितलं होतं. आत्या तोंड उघडायची. घशातून घरघर यायची, बस.

एक दिवस तिने डावा हात हलवला. पुढे, पुढे. तिला वाटत होतं, पोरगा गाऊन दाखवतोय, लाजून थांबतोय. "म्हण ना," असंच डोळ्यांत होतं. दादाने माझ्याकडे पाहिलं. मी काय करणार? त्याने मान खाली घातली आणि हळूच ला ला सुरू केलं.

आत्या ऐकत राहिली. शब्द येतील म्हणून वाट बघत असावी. मग तिला कळलं. तिने हात त्याच्या हातातून काढून घेतला आणि तोंड भिंतीकडे केलं. त्यानंतर तिने आमच्यापैकी कुणाकडे पाहिलं नाही. दादा रोज जाऊन तिच्या पाठीशी बोलत बसायचा.

आत्या गेली तेव्हा माणूस मावत नव्हतं. आमची सगळी माणसं आली, आणि आमच्या बँडचे शर्ट घातलेली पोरंपोरीही आली. खड्ड्याच्या काठाशी उभं राहून दादाने पहिला भाग म्हटला. इतकं चांगलं तो आयुष्यात गायला नव्हता. आत्या, थांब. आत्या, तू आम्हाला गाणी दिलीस. आत्या, थांब. म्हातारेकोतारे हुंदके देत होते.

तो भाग संपला आणि दादा थांबला. त्याने तोंड मिटून घेतलं. निदान आज तरी ते ला ला म्हणायचं नाही, एवढी लाज त्याला उरली होती. मुक्याने माझा दंड घट्ट धरला.

तेवढ्यात मागून एका पोरीने ला ला सुरू केलं. मग शेजारच्याने, मग सगळ्यांनी. डोळ्यांतून धारा लागलेल्या, हात आकाशाकडे. एकेकाच्या कानाखाली जाळ काढावासा वाटला मला. पण त्यांचा काय दोष? त्यांना आपल्या माणसांचं गाणं येत होतं, पूर्ण येत होतं, असंच ती पोरं समजत होती. एका म्हातारीनेसुद्धा त्यांच्यात सूर मिसळला.

दादा गुडघ्यांवर बसला आणि मातीत हात घालून "जा, आत्या, आता जा" असं काहीतरी आमच्या रोजच्या भाषेत पुटपुटायला लागला. त्या गोंगाटात ते मलाच नीट ऐकू येत नव्हतं. आत्याला तर ती भाषा कधी धड कळलीच नाही.