आडोशातली पावलं

पश्चिमेला धूर दिसला तेव्हा मोठीआई गाडीच्या पुढच्या सीटवर बसून चहात भाकरी बुडवत होती. तिनं धुराकडं पाहिलंच नाही. पाहिलं ते घारींकडं. आगीपुढं जीव घेऊन पळणारे सरडे आणि टोळ टिपायला घारी येतात. त्या जिथं घिरट्या घालतात, तिथं आगीचं तोंड.

"पहाटेच्या विजेनं पेटवलंय," डेस्मंड म्हणाला. तो माझा मामेभाऊ, गाडी त्याचीच. "वारा असाच राहिला तर दुपार कलायच्या आत टेकडीला भिडेल."

टेकडी समोर उभी होती. लाल धोंड्यांवर लाल धोंडे, जणू कुणी लेकरानं खेळता खेळता रचले आणि आईनं हाक मारली म्हणून तसेच सोडून गेलं. त्या धोंड्यांच्या भेगांत वरु राहतात. वरु म्हणजे आमचा खडकातला वॉलबी, कांगारूचा धाकटा चुलतभाऊ. कुशीला काळा पट्टा, लांब झुपकेदार शेपूट, आणि धोंड्यावर पाय असा पडतो की पानाचाही आवाज जास्त व्हावा. आजीच्या काळी या वाळवंटातल्या प्रत्येक टेकडीवर वरु होते. मग कोल्हे आले, रानमांजरं आली. आता बोटांवर मोजाव्या तेवढ्याच टेकड्यांवर उरलेत आणि त्यातली एक ही. त्यांची राखण हेच आमचं काम. मांजरं पकडायची, पिंजऱ्यात सफरचंदाच्या फोडी ठेवून वरु धरायचे, वजन करायचं, कानात बिल्ला टोचायचा, परत सोडायचे. आणि हिवाळ्यात टेकडीभोवतीचं गवत जाळायचं.

हे गवत आमचं नव्हे. गुरांसाठी कुणीतरी बाहेरून आणलं आणि ते माजलं. आमचं काटेरी गवत झुबक्याझुबक्यानं उगवतं, मधे उघडी माती असते, आग तिथं दमते. हे परकं गवत सतरंजीसारखं पसरतं. म्हणून थंडीत, दंव असताना, आम्ही ते पट्ट्यापट्ट्यानं जाळतो. उन्हाळ्यात आग आली तर तिला खायला काही उरू नये.

या हिवाळ्यात ते जाळलं नव्हतं.

वाटेवर मल्गाच्या झाडाची वाळकी फांदी आडवी टाकलेली होती, वाट मिटल्याची खूण. तिच्या अलीकडं आमची गाडी, पलीकडं कंबरभर पिवळं गवत आणि त्यापलीकडं टेकडी. हिवाळ्याआधीच्या पानझडीत माझी धाकटीआई, आईची धाकटी बहीण, त्या टेकडीच्या पायथ्याला, खडकाच्या आडोशात पिंजरे साफ करता करता गेली. बसल्या जागी, हातात सफरचंदाची फोड घेऊन. माणूस गेलं की आमच्यात ती जागा मिटते. गेलेल्याची पावलं जवळच्या माणसानं पाल्यानं पुसायची, ओल्या फांदीचा धूर द्यायचा, मग जागा उघडते. तोवर तिकडं कुणी फिरकत नाही. जवळचं माणूस म्हणजे तिची थोरली बहीण. माझी मोठीआई.

नावही मिटतं. माझं नाव धाकटीआईवरूनच ठेवलेलं. ती गेली त्या दिवसापासून मला सगळे कुन्मनारा म्हणतात. ज्याचं नाव घ्यायचं नसतं, त्याच्यासाठीचा तो शब्द. आपल्याच नावाची हाक ऐकू न येण्याची सवय व्हायला वेळ लागतो.

हिवाळ्यात मामांनी मोठीआईला दोनदा विचारलं, जागा उघडायची का? ती म्हणाली, "अजून नाही." दुखातल्या माणसाशी कोण वाद घालणार? थंडी सरली. गवत वाळलं.

"आत्या," डेस्मंडनं खिडकीतून आत वाकून विचारलं, "काय करायचं?"

"चहा पी."

"चहा पिऊन झाला."

"मग माझा पी. तसाही तू केलेला चहा म्हणजे डबक्याचं पाणी."

नेहमीसारखं तिनं टोमणा मारला, पण हसली नाही. डोक्यावरचा रुमाल पुढं ओढून ती बसून राहिली. भाकरीचा तुकडा कपात विरघळून गेला.

डेस्मंडनं रेडिओवर दुसऱ्या तुकडीला बोलावून ठेवलं होतं. ते निघाले होते, पण आमच्याकडचे रस्ते म्हणजे निघणं वेगळं आणि पोहोचणं वेगळं. करायचं काय ते आम्हाला दोघांनाही ठाऊक होतं. टेकडीच्या पायथ्यानं गाडीवाट गेलीय. मागं साखळीनं ट्रॅक्टरचे जुने टायर बांधून ती वाट खरवडायची, माती उघडी करायची आणि तिच्या पलीकडचं गवत आपणच पेटवायचं. आपली आग वाऱ्याविरुद्ध हळूहळू सरकत मोठ्या आगीला सामोरी जाते. दोघी भेटतात, खायला काही उरत नाही, विझतात. पण ती वाट आडोशाच्या अगदी पुढून जाते.

"तू गाडी घे. मी फांदी उचलते," मी हळूच म्हणाले.

"वेडी झालीस?"

"आग येतेय, डेस्मंड."

"दिसतंय मला, डोळे आहेत. आत्यानं पाऊल टाकल्याशिवाय माझं चाक पुढं जाणार नाही. गेलेल्या माणसाची पावलं आहेत आत. त्यांच्यावरून टायर ओढू? उद्या बापाला तोंड कुठल्या बाजूनं दाखवू?"

वारा गरम झाला. धुराला आता बूड दिसू लागलं, नारिंगी. मी दुर्बीण डोळ्याला लावली. आडोशाच्या वरच्या धोंड्यावर एक वरु उभी होती, भर उन्हात, जेव्हा त्यांनी भेगेत झोपलेलं असायला हवं. कानात पिवळा बिल्ला. धाकटीआईनं शेवटचा टोचलेला.

"पिवळी बाहेर आलीय," मी म्हणाले. "पोटाची पिशवी रिकामी दिसतेय."

पिल्लू पिशवीत मावेनासं झालं की वरु त्याला भेगेत ठेवून चरायला जाते. ते पिल्लू आई परतेपर्यंत जागचं हलत नाही. आग आली तरी.

पिवळीनं मागचा पाय धोंड्यावर आपटला. धप्. मग पुन्हा. धोक्याची खूण. एवढ्या लांबून तो आवाज आम्हाला कुठला ऐकू यायला! पण पाय उठताना आणि पडताना दिसत होता. मोठीआईनं माझ्या हातातून दुर्बीण घेतली. पाहिलं. खाली ठेवली.

माझ्याच्यानं राहवेना. मी धावत गेले, फांदीला हात घातला.

"हात काढ!"

ती गाडीतून उतरली होती. अनवाणी. "ते तुझं काम नाही, पोरी."

तिनं फांदी उचलली आणि बाजूला ठेवली, झोपलेल्या लेकराला ठेवावं तशी. वाटेतलं एक ओलं झुडूप मोडून त्याच्या डहाळ्यांचा झाडू बांधला. मला म्हणाली, "चल." डेस्मंडला म्हणाली, "मी हात वर केला की ये. आधी नाही."

गवतातून जाताना ती पुढं, मी मागं. राखेचे पहिले काळे तुकडे खांद्यावर पडू लागले. आणि ती बोलू लागली, मागं न बघता.

"हिवाळ्यातच उघडायला हवी होती जागा. तुझा मामा म्हणाला, बहीण रीत पाळतेय. मी रीत पाळत नव्हते. रीतीचे दिवस केव्हाच सरले होते."

"मग?"

"आडोशात ना वारा जातो ना पाऊस. तिची पावलं तशीच असतील. डावा अंगठा बाहेर पडतो तिचा, लहानपणी काटा मोडला होता, मीच काढला होता. पुसली की संपलं. मी पावलं राखत बसले, पोरी. आणि गवत वाढत गेलं."

धुरानं डोळे चुरचुरत होते, ते बरंच झालं.

आडोशात शिरलो. आत थंड, अंधूक. एका भिंतीला पिंजरे लावलेले. वाळूत धाकटीआईची पावलं होती. येतानाची, वळतानाची, बसतानाची. डावा अंगठा बाहेर. मोठीआई गुडघ्यांवर बसली. बराच वेळ बसली, किंवा मला तसं वाटलं, कारण बाहेर आग आता आवाज करत होती, कुणी कापड फाडत यावं तशी.

मग तिनं बोट टेकवलं. त्या पावलांवर दुसऱ्या खुणा होत्या. बोटाएवढी जोडपावलं, मधे शेपटीची बारीक रेघ. ताज्या. पिवळीचं पिल्लू याच वाळूत हिंडायला शिकत होतं. टाचांवरून गेलं होतं, अंगठ्यावरून गेलं होतं. अर्धी पावलं त्यानं आधीच पुसली होती.

आतल्या भेगेत दोन ओले डोळे चकाकले. तिथंच होतं ते, भिंतीला पाठ लावून.

मोठीआईनं झाडू उचलला. पावलं पुसायला सुरुवात केली, मागून पुढं, बाहेरच्या दिशेनं. तिचा हात एका लयीत चालला होता आणि ती लय मला ओळखीची होती. पिंजरे लावताना धाकटीआई स्वतःच रचलेलं एक गाणं गुणगुणायची. गेलेल्याचं गाणंही आम्ही गात नाही, म्हणून मोठीआईचे ओठ मिटलेले होते. पण हात गात होता.

धोंड्यावरी धोंडा, मधी सावली साठली
माझ्या बाळाच्या शेपटीची रेघ वाळूत उठली

शेवटचा फटकारा उंबऱ्याशी आला. तिनं डहाळ्या पेटवल्या. ओला पाला जळेना, नुसता पांढरा धूर झाला. तो तिनं खडकाला दिला, पिंजऱ्यांना दिला, माझ्या डोक्यावरून फिरवला. मग बाहेर येऊन हात वर केला.

डेस्मंड गाडी घेऊन असा आला की टायर मागं उड्या मारत होते. वाट खरवडली गेली, लाल माती उघडी पडली. मोठीआईच्या डहाळीच्या निखाऱ्यावरच मी तेल ठिबकणारी मशाल पेटवली आणि मातीच्या पलीकडच्या काठानं धावत गेले. थेंबाथेंबानं आग पेरत. आमची आग आधी अडखळली, मग वाऱ्याविरुद्ध, कुरकुरत, एकेक पाऊल पुढं सरकली. समोरून मोठी आग येत होती. तिला तोंडच तोंड होतं.

"पाणी!" डेस्मंड ओरडला. गाडीवरच्या टाकीचा पाइप घेऊन तो काठ भिजवत होता.

वारा एकदम उसळला. आमच्याच आगीतली एक ठिणगी माती ओलांडून उडाली आणि आडोशाच्या तोंडाशी, गवताच्या एका गड्ड्यात पडली. भप्प झालं. मी लांब होते, डेस्मंडचा पाइप पोहोचेना. मोठीआई तिथंच उभी होती. हातातल्या त्याच डहाळ्यांनी तिनं तो गड्डा बडवला. पाला जळाला, नुसत्या काड्या उरल्या, तरी बडवत राहिली.

"आत्या, मागं सर! केस जळतील!"

"पांढरेच आहेत! जळू देत!"

डेस्मंडनं पाइप टाकला आणि बादली घेऊन धावला. गड्डा विझला, मोठीआई चिंब भिजली. तिनं त्याला एक शिवी दिली. इथं सांगण्यासारखी नाही, पण कित्येक महिन्यांत तिच्या तोंडून ती निघाली नव्हती. त्याच वेळी मागं दोन्ही आगी एकमेकींना भिडल्या. आवाज एवढा मोठा की छातीत वाजला. ज्वाळा झाडाएवढ्या उठल्या, आणि मग खाली बसल्या. खायला काही नव्हतं.

टेकडीच्या उत्तरेकडचं एक टोक काळं झालं. तिथं कोण होतं, कोण नव्हतं, ते पुढच्या मोजणीत कळेल. त्या रात्री आम्ही फांदीपाशीच झोपलो, दुसरी तुकडी अजून वाटेतच होती. मोठीआई झोपली की नाही, माहीत नाही.

उजाडताच ती मला घेऊन निघाली. राख अजून कोमट होती. आडोशापुढं तिनं मला थांबवलं. आत काल पुसलेली वाळू. कोऱ्या पाटीसारखी नाही, लिहून झालेल्या पाटीसारखी.

"वाच," ती म्हणाली.

"ही पिवळीची. धावत आलीय, टाचा टेकल्याच नाहीत. इथं थांबली. ही पिल्लाची. भेगेतून बाहेर. इथं दोघांची एकात एक." मी पुढं पाहिलं. "मग दोघं वर गेलीत, खडकावर."

"आणि ही?"

दाराशी अनवाणी पावलं होती, रुंद, टाच दाबून टाकलेली.

"तुझी, मोठीआई."

तिनं मान हलवली. डावा अंगठा बाहेर पडलेली पावलं कुठं नव्हती. तिनं पाहिलं, मीही पाहिलं.

मग तिनं मागं वळून डेस्मंडला हाक मारली. तो अजून फांदीपाशी, गाडीला टेकून उभा होता.

"तिथं काय खांब झालास? किटली आण. चूल इथं मांडायची."