मुरूडचा अमेरिकन

शुक्रवारची सुट्टी, डोक्यावर ऊन, आणि अन्वर सिद्दी कोट घालून शारजातल्या रोल्ला भागातल्या रस्त्याने चालला होता. हौस म्हणून नव्हे. काळा रंग आणि कुरळे केस घेऊन साध्या शर्टात गेलं की प्रत्येक इमारतीचा वॉचमन अडवायचा. कोटात गेलं की निदान "सर" म्हणून अडवायचा. शतकांपूर्वी आफ्रिकेतून आलेल्या त्याच्या सिद्दी घराण्याच्या कोकणातल्या मुरूडला पिढ्यान्‌पिढ्या गेल्या होत्या, पण इथे आठ वर्षं ड्राफ्ट्समनची नोकरी करूनही त्याला रोज नव्याने भारतीय व्हावं लागे. वीट आला होता त्याला.

आज मात्र वैतागून चालणार नव्हतं. खोली मिळाली तरच मुरूडला राहिलेल्या बायकोचा, बानूचा, आणि मुलीचा व्हिसा होणार होता. शोभनाताईंच्या फ्लॅटमधली एक खोली रिकामी होती, "फक्त मराठी कुटुंबाला". फोनवर त्याचं मराठी ऐकून ताई विरघळल्याच होत्या. "अन्वरभाऊ, आपलं माणूस मिळालं हो! खोली तुमचीच समजा."

दार उघडलं आणि ताईंचा चेहरा उतरला. "यस? हू यू वॉन्ट?"

"ताई, मी अन्वर. फोनवर बोललो ना?"

त्याच्या मागे आणखी कोणी उभं आहे का, ते ताईंनी वाकून पाहिलं. कोणी नव्हतं. मग चहा आला, पासपोर्ट पाहून झाला, तोही दोनदा. पुण्याच्या शोभनाताईंनी सिद्दी हे नाव ऐकलं होतं, माणूस कधी पाहिला नव्हता.

"माझं काही नाही हो," त्या म्हणाल्या. "पण बिल्डिंगमध्ये सगळ्या फॅमिलीज. लोक प्रॉब्लेम करतात." मग त्यांना एकदम युक्ती सुचली. "असं करू, तुम्ही अमेरिकन आहात म्हणून सांगू! मग कोणी ब्र काढणार नाही. फक्त जिन्यात मराठी बोलू नका, खलास!"

अन्वरच्या तळपायाची आग मस्तकात गेली. ज्या मराठीने दार उघडलं, तीच आता दाराबाहेर बंद! बानूसाठी त्याने तेही गिळलं असतं, पण मग त्याला पोर आठवली.

"माझी मुलगी सहा वर्षांची आहे, ताई. जिन्यात पडली तर 'आई गं' म्हणूनच रडेल. तेव्हा तिच्या तोंडावर हात कोण ठेवणार, तुम्ही की मी?"

ताईंनी कप त्याच्याकडे सरकवला. "चहा तरी संपवा."

कोपऱ्यावरच्या बूथवरून त्याने मुरूडला फोन लावला.

"खोली नाही जमली."

"का?" बानूने घाबरून विचारलं. "माणसं परकी होती?"

"नाही गं," अन्वर म्हणाला, "आपलीच होती."